काळ्या फिल्मचा हिशेब : ताकाहिको ईमुरा यांच्या कलेविषयी वाचकांचे प्रश्न

मागील अंकात या सदरातून आम्ही जपानी प्रायोगिक चित्रपटकार आणि व्हिडिओ कलावंत ताकाहिको ईमुरा (१९३७–२०२२) यांच्यावर एक छोटे टिपण दिले होते. त्यांच्या ‘एक ते साठ सेकंद’ (१९७३) या चित्रपटात पडदा बहुतेक वेळ काळाच असतो, असे त्यात ओझरते म्हटले होते. त्या एका वाक्यावर अपेक्षेपेक्षा जास्त पत्रे आली. त्यांतील निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे पुढे देत आहोत.

प्रश्न : अर्धा तास काळोख दाखवणाऱ्या गोष्टीला चित्रपट का म्हणायचे? तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाची ही थट्टा नव्हे काय? (एक वाचक, सोलापूर)

उत्तर : आपला राग समजण्यासारखा आहे, पण त्या काळोखात नेमके काय घडते ते आमच्या टिपणात आले नव्हते, म्हणून आधी ते सांगतो. या चित्रपटात काळ्या फिल्मचे तुकडे चढत्या क्रमाने लावलेले आहेत. पहिला तुकडा एका सेकंदाचा, दुसरा दोन सेकंदांचा, तिसरा तीन सेकंदांचा, असे करत साठाव्या तुकड्यापर्यंत जायचे, आणि किती वेळ गेला हे सांगणारे आकडे मधूनमधून क्षणभर चमकतात. एक ते साठ या संख्यांची बेरीज १८३० येते. म्हणजे या सगळ्या काळोखाची एकूण लांबी साडेतीस मिनिटे भरते. पटकथा म्हणून जे काही आहे ते एवढेच, आणि ते कोणत्याही शाळकरी मुलाला पाटीवर मांडता येईल.

तरीही प्रत्यक्ष बघताना काय होते ते पाहा. पाच-सहा सेकंदांच्या तुकड्यांपर्यंत प्रेक्षक मनातल्या मनात मोजतो आणि त्याचे मोजणे बरोबर येते. पंधरा-वीसच्या पुढे त्याचे मोजणे पडद्यावरच्या आकड्याशी जुळेनासे होते. चाळीसच्या पुढे तो मोजणे सोडून देतो, शेजारच्याची खुर्ची करकरल्याचे ऐकतो, प्रोजेक्टरची घरघर ऐकतो, स्वतःच्या उद्याच्या कामांचा विचार करतो, आणि तेवढ्यात आकडा येऊन त्याला पुन्हा जागेवर आणतो. नेहमीच्या चित्रपटात तीन तास कसे गेले हे कळले नाही म्हणून आपण दिग्दर्शकाची पाठ थोपटतो. ईमुरांना वेळ कसा जातो हेच प्रेक्षकाला कळायला हवे होते, आणि त्यासाठी वेळेवर घातलेले चित्रांचे पांघरूण काढून टाकणे भाग होते.

या हिशेबाला एक भौतिक पायाही आहे आणि तो समजल्याशिवाय त्यांचे सत्तरीच्या दशकातील काम उलगडत नाही. सोळा मिलिमीटरच्या एका फूट फिल्ममध्ये ४० फ्रेम, म्हणजे सुटी स्थिरचित्रे, असतात. कॅमेऱ्यात घालण्याचे रीळ साधारणतः शंभर फुटांचे मिळत असे, म्हणजे ४००० फ्रेम. सेकंदाला २४ फ्रेम या वेगाने ते रीळ २ मिनिटे, ४६ सेकंद आणि १६ फ्रेम चालते. ईमुरांनी १९७२ मध्ये ‘मॉडेल्स’ या नावाखाली जे छोटे चित्रपट केले, त्यांतील एकाचे नावच ‘दोन मिनिटे ४६ सेकंद १६ फ्रेम’ असे आहे. आपल्याकडे गोष्ट जेवढी लांब तेवढी फिल्म लागते; इथे दुकानात मिळणाऱ्या रिळाची लांबी हाच विषय झाला.

१९७५ च्या ‘सेकंदाला २४ फ्रेम’ या चित्रपटात त्यांनी हाच हिशेब आणखी बारीक केला. तेथे एका सेकंदातील चोवीस फ्रेमपैकी एक पांढरी आणि बाकीच्या काळ्या, मग दोन पांढऱ्या, मग तीन, अशी वाढ होत जाते. सेकंदाचा चोविसावा भाग हा कागदावर नुसता अपूर्णांक आहे. काळोख्या खोलीत तो डोळ्यावर आदळणारा प्रकाशाचा ठोका होतो, आणि एका ठोक्यात व दोन ठोक्यांत डोळा फरक करू शकतो हे तिथे बसल्यावर कळते.

काळ्यापांढऱ्या फ्रेमचे चित्रपट करणारे ईमुरा एकटे नव्हते. ऑस्ट्रियाचे पीटर कुबेल्का यांनी १९६० मध्ये आणि अमेरिकेचे टोनी कॉनराड यांनी १९६६ मध्ये असे चित्रपट केलेले होते. परंतु कॉनराड यांना जलद लखलखाटाने डोळ्यांत निर्माण होणारे आभास हवे होते. ईमुरांना प्रकाशापेक्षा दोन प्रकाशांमधला काळोख महत्त्वाचा वाटत होता. थट्टेचा आरोप त्यामुळे मला टिकणारा वाटत नाही. थट्टा करणारा माणूस इतका चोख हिशेब ठेवत नाही.

प्रश्न : मी पुण्यात चित्रपट-शिक्षण घेतो. ईमुरा पहिल्यापासून असेच काम करत होते, की माणसे, शरीरे, रस्ते असे काही चित्रित करून मग ते या टोकाला पोहोचले? (एक विद्यार्थी)

उत्तर : आपला तर्क बरोबर आहे. टोकियोत जन्मलेल्या आणि केइओ विद्यापीठात शिकलेल्या ईमुरांनी १९६० च्या सुमारास ८ मिलिमीटरचा कॅमेरा हाती घेतला. घरगुती समारंभ टिपण्यासाठी विकला जाणारा हा कॅमेरा होता आणि चित्रपट कंपन्यांच्या लेखी त्याला किंमत नव्हती. कंपन्यांची परवानगी, स्टुडिओ, सहायक दिग्दर्शक म्हणून काढायची वर्षे, या सगळ्यांतून सुटण्याचा तो मार्ग होता. १९६२ च्या ‘कुझू’मध्ये त्यांनी टोकियो उपसागराच्या किनाऱ्यावर साचलेला कचरा चित्रित केला. शहर झपाट्याने वाढत होते, दोन वर्षांवर ऑलिंपिक आले होते, आणि त्या वाढीने बाहेर टाकलेल्या वस्तू ईमुरा कॅमेरा जमिनीलगत नेऊन बघत होते.

त्याच सुमारास ‘आइ’ हा प्रेमावरचा चित्रपट झाला. त्यात दोन शरीरे इतक्या जवळून टिपलेली आहेत की, कातडी, केस, घडी यांपलीकडे कोणता अवयव आहे हे ओळखता येत नाही. त्याचा ध्वनी कलावंत योको ओनो यांनी केला, आणि तो त्यांनी खिडकीबाहेर मायक्रोफोन सोडून मिळवला, असे सांगितले जाते. शृंगाराच्या दृश्याला रस्त्यावरचा निर्विकार आवाज जोडण्याची ही कल्पना मला त्यातल्या छायाचित्रणापेक्षाही धीट वाटते. ‘ओनान’ (१९६३) या चित्रपटाला बेल्जियममधील क्नोके-ले-झूट येथील प्रायोगिक चित्रपट महोत्सवात विशेष पारितोषिक मिळाले आणि ईमुरांचे नाव जपानबाहेर पोहोचले. १९६४ मध्ये नोबुहिको ओबायाशी, डोनाल्ड रिची आदींबरोबर त्यांनी स्वतंत्र चित्रपटकारांचा एक गट उभा केला. हे तेच ओबायाशी, जे पुढे जाहिरातपट आणि मोठ्या पडद्यावरचे चित्रपट यांकडे वळले.

आपण विद्यार्थी आहात म्हणून दोन गोष्टींकडे मुद्दाम लक्ष वेधतो. पहिली गोष्ट नृत्याची. बुतो या आधुनिक जपानी नृत्यप्रकाराचे प्रवर्तक तात्सुमी हिजिकाता यांचे प्रयोग ईमुरांनी १९६३ आणि १९६५ मध्ये चित्रित केले, पण प्रेक्षकांत तिपाई लावून नव्हे. हातात कॅमेरा घेऊन ते रंगमंचावर नर्तकांमध्ये शिरले. त्यामुळे प्रयोगाची व्यवस्थित नोंद मिळत नाही. काही वेळा तर कोण नाचते आहे तेच समजत नाही. बुतोच्या अभ्यासकाला ही उणीव वाटेल. पण कॅमेरा धरणाऱ्याचे शरीरही त्या नृत्यात सामील आहे हे प्रत्येक हिसक्यात जाणवते. दुसरी गोष्ट १९६३ च्या ‘स्क्रीन प्ले’ची. चित्रकार-शिल्पकार जिरो ताकामात्सु यांना पाठमोरे बसवून ईमुरांनी त्यांच्या पाठीवर आपला चित्रपट प्रक्षेपित केला, आणि चित्रपट चालू असतानाच त्यांचा कोट कात्रीने चौकोनी कापून काढला, जेणेकरून शेवटी चित्र उघड्या कातडीवर पडावे. पडदा ही निर्जीव, तटस्थ वस्तू असते हे गृहीतच तिथे मोडले. काळ्या फिल्मकडे जाणारा रस्ता मला या पाठीवरून जाताना दिसतो, कारण चित्रात काय आहे यापेक्षा चित्र कशावर, कशाने आणि किती वेळ पडते, हा प्रश्न इथे पहिल्यांदा उघडपणे पुढे आला.

१९६६ मध्ये ते अमेरिकेत गेले आणि पुढे बराच काळ न्यूयॉर्कमध्ये राहिले. तिथल्या चित्रपटकारांची चलचित्रे त्यांनी काढली. जोनास मेकास, स्टॅन ब्रॅकेज, अँडी वॉरहॉल यांची ती व्यक्तिचित्रे आहेत आणि प्रत्येकाचे चित्रण त्याच्याच शैलीच्या जवळ जाते. १९६७ च्या ‘व्हाइट कॅलिग्राफी’त मात्र त्यांनी कॅमेरा बाजूला ठेवला. आठव्या शतकाच्या आरंभी सिद्ध झालेला ‘कोजिकी’ हा जपानचा प्राचीन ग्रंथ घेऊन त्यांनी काळ्या फिल्मवर टोकदार साधनाने त्यातील अक्षरे कोरली, एका फ्रेमवर एक अक्षर. सेकंदाला चोवीस अक्षरे या वेगाने ते कोणालाही वाचता येत नाही. पांढऱ्या फटकाऱ्यांचे नुसते थरथरणे उरते. पुढे डिजिटल साधने हाती आल्यावर त्यांनी याच चित्रपटातली काही अक्षरे थांबवून पुन्हा वाचली. तेव्हा आरंभ, मध्य आणि परिणती अशा पायऱ्या मांडून ईमुरांचा ‘विकास’ लिहिण्याचा मोह टाळावा. ते आपल्या जुन्या कामाकडे वारंवार परतत असत आणि नव्या साधनाने त्याची पुन्हा तपासणी करत असत.

प्रश्न : चित्रपट काय आणि व्हिडिओ काय, शेवटी दोन्हीकडे हलती चित्रेच असतात. ईमुरांच्या संदर्भात या दोहोंचा वेगळा उल्लेख का केला जातो? (एक वाचक, पणजी)

उत्तर : कारण हे दोन प्रकार त्यांनी दोन वेगळे प्रश्न विचारण्यासाठी वापरले. फिल्मवर आज चित्रण होते, रसायनात धुऊन ती काही दिवसांनी येते आणि आणखी काही काळाने पडद्यावर दिसते. टिपणे आणि दाखवणे यांत अंतर असते. १९७० च्या सुमारास ईमुरांनी हाताळायला सुरुवात केलेल्या व्हिडिओत हे अंतरच नव्हते. कॅमेऱ्यासमोर हात हलवला की त्याच क्षणी मॉनिटरवर हात हलतो. जो बघतो त्याला स्वतःलाच बघता येते. फिल्मने त्यांना काळ मोजायला लावले, तर व्हिडिओने ‘मी’ आणि ‘तू’ कोणाला म्हणायचे हे विचारायला लावले.

१९७६ च्या ‘कॅमेरा, मॉनिटर, फ्रेम’मध्ये कॅमेऱ्यासमोर दुसरा कॅमेरा येतो आणि आवाज म्हणतो, हा कॅमेरा आहे. आपण मान डोलावतो. पण आपल्यासमोर कॅमेरा नसतोच, मॉनिटरवर उमटलेले कॅमेऱ्याचे चित्र असते; आणि त्या चित्राला जन्म देणारा खरा कॅमेरा तर कधीच दिसत नाही. मराठी बालभारतीच्या पहिल्या धड्यासारखे वाटणारे हे वाक्य दोन-तीनदा ऐकल्यावर पायाखालची जमीन सरकू लागते. १९७५ च्या ‘ऑब्झर्व्हर/ऑब्झर्व्ह्ड’मध्ये बघणारा आणि बघितला जाणारा यांच्या जागा अशाच उलटसुलट होतात. १९७८ च्या ‘टॉकिंग टू मायसेल्फ’मध्ये, मी बोलतो त्याच वेळी मी स्वतःला ऐकतो, अशा आशयाचे वाक्य ते पुन्हा पुन्हा उच्चारतात, आणि ओठ व आवाज यांची सांगड मुद्दाम तोडतात. फ्रेंच तत्त्वज्ञ जाक देरिदा यांच्या लेखनाचे ऋण त्यांनी येथे उघड ठेवले आहे.

१९८० च्या एका मांडणीत त्यांनी दोन कॅमेरे आणि दोन मॉनिटर समोरासमोर ठेवले आणि प्रेक्षकाला त्यांच्या मध्ये येण्यास वाव दिला. १९८३ च्या ‘टीव्ही फॉर टीव्ही’मध्ये दोन चालू दूरचित्रवाणी संच तोंडाला तोंड लावून ठेवले होते. कार्यक्रम चालू आहेत, आवाज येतो आहे, कडेच्या फटीतून उजेड सांडतो आहे, पण बघणारा दुसरा संच आहे, माणूस नव्हे. त्यांच्या साऱ्या व्हिडिओकृतींत मला ही सर्वांत विनोदी आणि सर्वांत नेमकी वाटते. उलट, वाक्यांचे खेळ असलेल्या काही फिती एकदा कळल्या की पुढे फारसे काही देत नाहीत. तर्कशास्त्राच्या वर्गात फळ्यासमोर बसल्यासारखे होते. ‘एक ते साठ सेकंद’चा आराखडा आधी ठाऊक असूनही तो पुन्हा बघावासा वाटतो, या फितींबद्दल मला तसे म्हणता येत नाही.

प्रश्न : ईमुरांच्या एका कृतीत जपानी स्वर क्रमाने म्हटले जातात असे वाचले. तो क्रम आपल्या वर्णमालेसारखा का आहे? (एक निवृत्त संस्कृत शिक्षक, वाई)

उत्तर : आपण १९९३ च्या कृतीविषयी वाचले असावे. त्यात ईमुरांचा स्वतःचा चेहरा आ, इ, उ, ए, ओ हे पाच स्वर आणि शेवटी अनुनासिक ‘न्’ उच्चारतो. संगणकाच्या साहाय्याने तो चेहरा ताणला, दाबला, फुगवला जातो. अक्षर, आवाज आणि तोंडाचा आकार यांचा मेळ कधी बसतो, कधी मुद्दाम बिघडवला जातो. मोठी माणसेही ही कृती बघताना खळखळून हसतात, आणि ईमुरांचे काम रुक्ष असते असे म्हणणाऱ्याला आधी हीच दाखवावी.

क्रमाविषयी आपली शंका रास्त आहे. बौद्ध मंत्र लिहिण्यासाठी सिद्धम् ही संस्कृत लिहिण्याची जुनी लिपी चीनमार्गे जपानात गेली. ८०६ मध्ये चीनहून परतलेले भिक्षू कूकाइ हे तिच्या प्रसारातील मोठे नाव. जपानी अक्षरांची आ-का-सा-ता-ना-हा-मा-या-रा-वा ही मांडणी संस्कृत वर्णक्रमाच्या अभ्यासातून घडली, असे भाषाभ्यासकांचे सर्वसाधारण मत आहे. आजच्या ‘हा’च्या जागी पूर्वी ‘पा’सारखा उच्चार होता हे लक्षात घेतले, तर कंठ्य, तालव्य, दंत्य, ओष्ठ्य आणि मग अंतःस्थ ही आपली वाट त्यात स्पष्ट दिसते. ईमुरांना हे नाते दाखवायचे होते असे मात्र समजू नये. त्यांचे लक्ष तोंड आणि अक्षर यांच्यातील भांडणावर होते.

प्रश्न : हे सगळे बुद्धीचे झाले. डोळ्याला शांतता देणारे त्यांनी काही केले आहे का? आणि हे चित्रपट मोबाइलवर बघितले तर चालेल का? (एक वाचक, नागपूर)

उत्तर : शांतता हवी असेल तर १९८९ चा ‘मा : स्पेस/टाइम इन द गार्डन ऑफ र्योआन-जी’ बघावा. ‘मा’ म्हणजे जपानीत मधली मोकळी जागा किंवा मधला वेळ. क्योतो येथील र्योआन-जी मंदिराच्या बागेत पांढऱ्या खडीवर पंधरा दगड आहेत आणि ओसरीवर कोठेही बसले तरी पंधराही एकदम दिसत नाहीत. ईमुरांचा कॅमेरा या बागेसमोरून आडवा, अतिशय संथ सरकतो. एक दगड चौकटीत येतो, निघून जातो, मग बराच वेळ नुसती खडी असते, मग पुढचा दगड येतो. पडद्यावर येणारे शब्द वास्तुविशारद अराता इसोझाकी यांचे आहेत आणि संगीत ताकेहिसा कोसुगी यांचे. चित्रपट सोळा मिनिटांचा आहे. वरवर बघता तो सुंदर पर्यटनपट वाटेल, पण आधीचा हिशेब माहीत असलेल्याला जाणवेल की, दोन दगडांमधली खडी इथे ‘एक ते साठ सेकंद’मधल्या काळ्या फिल्मचे काम करते. बुद्धी आणि शांतता यांची आपण केलेली फारकत त्यामुळे मला तितकीशी पटत नाही.

मोबाइलबाबत उत्तर कृतीनुसार बदलते. व्हिडिओकृती मुळात मॉनिटरसाठीच केलेल्या असल्याने लहान पडद्यावर त्यांचे फारसे बिघडत नाही. र्योआन-जीचा चित्रपट शक्य तितक्या मोठ्या पडद्यावर बघावा. फ्रेम मोजणारे चित्रपट मात्र मोबाइलवर अक्षरशः वेगळे होतात. फिल्मच्या प्रोजेक्टरमध्ये झडप फिरत असते आणि ती सहसा प्रत्येक फ्रेम दोनदा लखलखवते, म्हणजे सेकंदाला ४८ वेळा. अनेक मोबाइलांचा पडदा सेकंदाला ६० वेळा ताजा होतो. २४ ने ६० ला पूर्ण भाग जात नाही. म्हणून एक फ्रेम दोन ठोके आणि पुढची तीन ठोके अशी विषम वाटणी करावी लागते, आणि ज्या चित्रपटाचा विषयच सेकंदाचे समान चोवीस भाग हा आहे, त्याचा कणा तिथेच मोडतो. शिवाय इंटरनेटवरून येणाऱ्या चित्राचा आकार कमी करताना काळोखाच्या छटा ठिगळांसारख्या दिसू लागतात.

एखाद्या महाविद्यालयात किंवा फिल्म सोसायटीत सोळा मिलिमीटरचा चालू प्रोजेक्टर असेल, तर फिल्म मिळेपर्यंत थांबावे असे मी सुचवीन. ते शक्य नसेल तर २४ फ्रेमच्या वेगाने चालू शकणारा डिजिटल प्रोजेक्टर घ्यावा, खोली पूर्ण काळोखी करावी, दारावरची ‘बाहेर’ ही पाटी सोडून एकही दिवा ठेवू नये, आणि ‘मॉडेल्स’मधील एखाद्या छोट्या चित्रपटाने सुरुवात करून मग मोठ्यांकडे जावे. लखलखाटाने फेफरे येण्याचा त्रास असलेल्यांनी ‘सेकंदाला २४ फ्रेम’ बघू नये, आणि आयोजकांनी तशी सूचना प्रयोगापूर्वी तोंडी द्यावी, नुसती दारावर चिकटवू नये.